मार्सेलिनसमोर

गोराईच्या आग्नेलने उमेदीची सगळी वर्षं एका रॉक बँडमध्ये ड्रम वाजवले. कॉलेजांच्या मैदानांवर पोरं त्याच्या तालावर बेभान नाचायची. त्याची बायको मार्सेलिन मात्र कधी ऐकायला आलीच नाही. मासळीबाजार, मुलं, आजारी सासू, तिला सवड कुठली! पुढे त्या आवाजानेच आग्नेलचे कान गेले. त्याने बँड सोडला, ड्रम विकले, फक्त एक छोटा ड्रम पलंगाखाली ठेवून दिला. आता समोरचा समुद्रही त्याला आवाजाविना फुटताना दिसायचा, स्वप्नात दिसावा तसा. मग मार्सेलिनच्या हृदयाचं ऑपरेशन ठरलं. हॉस्पिटलात जायच्या आदल्या दुपारी तिने तो ड्रम अंगणात, वाळत घातलेल्या बोंबलांशेजारी आणून ठेवला. "वाजव," ती म्हणाली. तिचे ओठ त्याला वाचता यायचे. "मला काही ऐकू येत नाही गं. ताल चुकेल, वाट लागेल सगळी." "तुला नाही येत रे. मला येतं ना!" चपला काढून ती समोर खुर्चीवर बसली. आग्नेलने भीतभीत काठ्या उचलल्या. मनगटांना हादरा जाणवला, कानात काहीच नाही. त्याने तिच्या पावलाकडे पाहिलं. ते वाळूवर ठेका धरत होतं. ताल बरोबर पडतोय, हे त्याला तिथं दिसलं. शेजारीपाजारी कुंपणाशी गोळा झाले, त्याला पत्ताच नव्हता. मध्येच त्याचा हात अडखळला. तेव्हा तिचं पाऊलही उचललेलं तसंच थांबलं, आणि तो पुन्हा सुरू करेपर्यंत हवेत थांबून राहिलं.