ताटाबाहेरचा भात

"बाबांचं डोकं चालेनासं झालंय. रोज जेवताना ताटाबाहेर भात सांडतात. गोळ्या सुरू करा," हेरंब म्हणाला. बाबा शेजारीच बसले होते.

"पूर्वी सांडत नव्हते? मूळचं वागणं ठाऊक असेल तरच बदल कळतो," डॉक्टरीणबाई म्हणाल्या.

हेरंबला काही आठवेना. तो आपल्या खोलीत, लॅपटॉपपुढे जेवायचा. टेबलावरची शितं तेवढी नंतर दिसायची.

"अरे, सांडत नाही, चित्रावती घालतो," बाबा हसले. "जेवणाआधी यमाच्या, चित्रगुप्ताच्या नावानं चार घास बाहेर ठेवायचे. तुझ्या मुंजीत तुलाही शिकवलं होतं की!"

डॉक्टरीणबाईंनी हेरंबकडे पाहिलं. "शेवटचं एकत्र कधी जेवलात?"

उत्तर बाबांनीच दिलं.

"कामात असतो हो तो. तुम्ही तपासा मला. माझ्यासाठी रजा काढलीय त्यानं."