आधी हात

लाउरिट्सच्या स्वयंपाकघरात पाद्रीण बोडिल बसली होती. मांडीवरच्या वहीत एकच ओळ होती : एवाल्ड, वय एकोणऐंशी, एकटा.

"उद्या अकराला त्याचं दफन आहे," ती म्हणाली. "शवपेटीपाशी मला काहीतरी बोलायला हवं. तुम्ही एकतीस वर्षं त्याच्या समोर राहिलात."

"समोर राहिलो. सोबत नाही." लाउरिट्सने तिच्या कपात कॉफी ओतली. बाहेर पश्चिमेचा वारा समुद्रावरची वाळू दारावर फेकत होता.

"काहीतरी आठवत असेल की. आवडनिवड? एखादं भांडण?"

"भांडायला आधी बोलावं लागतं, पाद्रीणबाई."

ती हसली. तो हसला नाही. तो खिडकीबाहेर बघत होता. रस्त्यापलीकडच्या घरात पोस्टमनला एवाल्ड सापडला, तेव्हा तो खुर्चीत बसलेलाच होता. डॉक्टर म्हणाले, वीस दिवस तरी झाले असतील.

"खुर्ची खिडकीपाशीच होती," लाउरिट्स म्हणाला. "मागे दिवा चालू. मला नुसती आकृती दिसायची. रोज सकाळी तो हात करायचा, मग मी करायचो. एवढंच आमचं. मग एके दिवशी त्याने केला नाही."

"मग?"

"वाटलं, रुसला. म्हटलं, दरवेळी त्यानेच का? म्हणून मी केला." त्याचा आवाज खाली आला. "वीस दिवस. रोज. जन्मात पहिल्यांदा मी कुणाला तरी आधी हात केला."

अशा वेळी म्हणायची वाक्यं बोडिलला पाठ होती. कितीतरी स्वयंपाकघरांत तिने ती म्हटली होती. आज त्यातलं एकही न वापरता तिने पेन उचललं.

"काय लिहू?" तिने विचारलं.

"लिहा, हात तो आधी करायचा."

दुसऱ्या दिवशी चर्चमध्ये चौघंच होती. बोडिल, ऑर्गन वाजवणारी बाई, कबर खणणारा माणूस आणि दुसऱ्या बाकावर, जुना काळा कोट घातलेला लाउरिट्स. बोडिलने लिहून आणलेलं प्रवचन बाजूला ठेवलं.

"एवाल्ड रोज सकाळी आधी हात करायचा," ती म्हणाली, आणि थांबली.

लाउरिट्स उठून उभा राहिला. इथे उठायचं नसतं, हे त्याला लहानपणापासून ठाऊक होतं. ऑर्गन सुरू झाला, संपला. तो तसाच उभा होता, हजेरीत नाव पुकारलेल्या पोरासारखा, ताठ.

त्याला बसा म्हणायचं धाडस बोडिलला झालं नाही.