फाटकाबाहेरची माणसं

आजही ती माणसं फाटकाबाहेर उभी होती. काल दोघं होती, आज तिघं. हात खिशात, आणि नजर सरळ वरच्या मजल्यावर, मॉरवेनाच्या खिडकीवर.

लेडी सेलिना पडद्याआडून बघत होती. सात वर्षांची मॉरवेना खिडकीशी आली, काचेला नाक लावून तिनं खाली हात हलवला. म्हाताऱ्या पास्कोनं टोपी काढली, बाकीच्या दोघांना काहीतरी सांगितलं आणि तिघंही आपापल्या शेतांकडे चालू लागले. हिवाळ्यात पोरीला खोकला झाला, तेव्हापासून यात एका दिवसाचाही खंड पडला नव्हता. बाजारात जनावर पारखावं तसे ते तिला निरखायचे.

सेलिनानं पडदा घट्ट ओढून घेतला. तिची स्वतःची दोन्ही मुलं पाळण्यातच गेली होती. मॉरवेना तिच्या नणंदेची मुलगी. आईबाप गेल्यावर मामाच्या घरी आली, आणि वर्षभरात मामीला तिच्याशिवाय घास जाईनासा झाला.

"ती माझी कुळं आहेत," तिचा नवरा, सर जर्व्हस, नाश्त्याला बसल्या बसल्या म्हणाला. "कुळं मालकाकडे प्रेमानं बघत नसतात."

"ती तुमच्याकडे कुठं बघतात? पोरीकडे बघतात."

"त्यांच्या शेतांखाली तांबं आहे, सेलिना. कॉर्नवॉलमधलं शेंबडं पोरही सांगेल तुला. मला खाण खणायचीय, आणि ही सात घरं जागची हलत नाहीत. कायद्यानं हलवताही येत नाहीत, निदान सध्या तरी. मग मालकाला धाक कसा घालायचा? घरातलं लेकरू त्यांना दिसतंच आहे."

हे त्यानं अंड्याचं टोपण चमच्यानं उडवत, अगदी शांतपणे सांगितलं. त्यामुळे ती जास्तच घाबरली.

घाबरण्यासारखं घडतही होतं. भाचीनं धीट व्हावं ही मामाची फार हौस. तिच्यासाठी त्यानं एक तरणं, तापट घोडं आणलं. ज्या सकाळी ती त्यावर पहिल्यांदा बसणार, त्याच सकाळी घोडं तबेल्यातून गायब. मग स्वयंपाकघराच्या दाराशी टोपल्या येऊ लागल्या. घट्ट साय, मध, ताजी अंडी, आणि निरोप असा की, हे फक्त छोट्या बाईसाहेबांसाठी. सेलिनानं ते सगळं डुकरांपुढे ओतायला लावलं आणि आठवडाभर डुकरं मरायची वाट बघितली. डुकरं चांगली गुटगुटीत झाली, पण बाईंचा संशय काही फिटला नाही. संशयाला औषध नसतं.

आणि मग सोमवारचा तो प्रकार. 'कड्यावरून पक्ष्याचं अंडं आणून दाखव, मग मानीन तुला,' असं मामानं चिडवलं आणि पोरगी गेली की तडक कड्यावर. सेलिना धापा टाकत मागोमाग पोचली, तेव्हा पास्को तिला दंडाला धरून फरफटत नेत होता आणि पोर किंचाळत होती.

"सोड तिला."

त्यानं सोडलं. "लेकराला जपा, बाईसाहेब. काय बरंवाईट झालं तर लई वाईट हुईल."

"मला धमकी देतोस?"

"धमकी न्हाई जी. इनंती हाय."

त्यानं हातातली टोपी मुठीत चुरगाळली. रागानंच, दुसरं काय, असं सेलिनाला वाटलं.

घरी येऊन तिनं नवऱ्याचे पाय धरायचेच काय ते बाकी ठेवले. "हिला इथून हलवा. प्लिमथला तुमच्या आत्याकडे न्या. उद्याच्या उद्या."

सर जर्व्हसनं वर्तमानपत्र खाली ठेवलं. "बघ हं. मागाहून म्हणशील, मी तिला तुझ्यापासून तोडलं."

"मीच सांगतेय ना. पण रस्त्यानं नको. रस्ता त्यांच्या शेतांतून जातो."

"मग होडीनं जाऊ. मी एकटाच नेतो. नोकर बरोबर घेतले की गावभर होतं." त्यानं खिडकीबाहेर पाहिलं. "वारं आहे जरा. पण तुझ्या शब्दाबाहेर मी नाही."

इतका समजूतदार नवरा सगळ्यांनाच मिळत नाही, असं तिच्या मनात आलं.

दुसऱ्या दिवशी सकाळीच तिनं मॉरवेनाला शालीत गुंडाळून स्वतःच्या हातांनी होडीत बसवलं.

"मामी, तू पण चल ना."

"मी रविवारी येतेच, बाळा. मामा आहे ना सोबत."

होडी भूशिराआड दिसेनाशी झाली. किती महिन्यांनी सेलिनानं मोकळा श्वास घेतला. घरी येऊन तिनं गरम सूप मागवलं, वर मटणाचा तुकडाही मागवला, आणि दोन्ही चवीनं खाल्लं.

ती हात पुसत होती तेवढ्यात पास्को आत आला. कुळांनी मागच्या दारानं यायचं, ही रीतही तो विसरला होता.

"पोरगी आज खिडकीत दिसली न्हाई, बाईसाहेब. कुठंय?"

आता तिला भ्यायचं कारण नव्हतं. "तुमचा हात पोचणार नाही अशा ठिकाणी. बघत बसा आता रिकामी खिडकी."

"कुनासंगं गेली?"

"तिच्या मामाबरोबर. होडीनं."

"आन् आनखी कोन हुतं?"

"कुणी नाही. दोघंच."

म्हातारा मालकिणीसमोर खुर्चीत मटकन बसला. त्याला ऊठ म्हणायचंही तिला सुचलं नाही.

"मालकांनी तुमाला काय सांगितलंच न्हाई व्हय?" तो म्हणाला. "हितं जमीन वर्सांवर देत न्हाईत, बाईसाहेब. जिवांवर देत्यात. करारात तीन मानसांची नावं घालायची. तिघांतलं एक जरी जितं असलं, तरी कुळाला कुनी हलवू शकत न्हाई. ह्या मालकांच्या वडलांचा, थोरल्या मालकांचा, आमच्यावर लई जीव हुता. त्यांनी साती घरांच्या करारात आपल्याच घरची नावं घातली. लेक, जावई आन् नात. लेक-जावई गेले. म्हनून तर पाळी लावून राखत हुतो पोरीला. त्ये घोडं बी आमीच पळवलं. ती हाय तंवर आमी हाय. ती गेली, का त्याच दिशी समदी जमीन मालकांची."