मामाचा घास

"घास ओठांना लागू देऊ नका हं, दादा. पाया पडते तुमच्या."

तान्ह्या लेकीला, टुनीला, मृगांकच्या मांडीवर ठेवता ठेवता झर्ना कुजबुजली. ती स्टुडिओमागच्या वस्तीतली. सिनेमातल्या उष्टावणाला बाळ हवं होतं. नुसतं खोटं खोटं भरवायचं, असं सांगून सहायकाने त्या दोघींना आणलं होतं. मृगांक चाकलादार सिनेमातला मामा होता.

"हिचं खरं व्हायचंय अजून?" त्याने विचारलं.

"सातवा महिना संपत आला. मुलीचं आठव्यात करत नाहीत. पण पहिला घास मामाने भरवायचा, आणि मी पळून लग्न केलं ना, भाऊ दारातूनच हाकलतो. येईल म्हणा. राग निवळला की येईल."

टॉलीगंजच्या बंगाली सिनेमात मृगांकची उभी हयात गेली. डॉक्टर झाला, पोस्टमन झाला, नायकाचा काका झाला. पडद्यावर दिसली ती पाठ, नाहीतर चहा देणारा हात. आज पहिल्यांदाच कॅमेरा त्याच्या चेहऱ्याजवळ येणार होता.

पहिल्या टेकला त्याचं पायेशचं, तांदळाच्या खिरीचं, बोट टुनीच्या ओठांपाशी थांबलं. दुसऱ्यालाही.

"मृगांकदा, पोरीला भरवताय की तिची दृष्ट काढताय?" दिग्दर्शक दीपेन ओरडला. सेटवर हशा पिकला. "घास आत गेलेला दिसला पाहिजे मला. जमत नसेल तर उठा. मेकअपवाल्या खोकनला बसवतो, तो भरवेल."

म्हणजे घास टळत नव्हता. हात तेवढा दुसऱ्याचा.

मृगांक टुनीला घेऊन उठला. "खोकनही नाही भरवणार. हिचा मामा यायचाय."

"मग उद्यापासून तुम्हीही येऊ नका!"

मृगांकने बाळ झर्नासमोर धरलं. तिने घेतलं नाही. ती त्याच्याकडे बघत राहिली. मग तिने डोक्यावरून पदर घेतला.

"बसा, दादा. आता आणखी कुणाची वाट बघू? भरवा भाचीला."

दिवे लागले. मृगांकने पायेशचं बोट टुनीच्या जिभेवर टेकवलं. तिने तोंड वाकडं केलं, मग चुटूचुटू चोखू लागली. कुणी सांगितलेलं नसताना झर्नाने जीभ हलवत शुभकार्याचा उलूध्वनी काढला. कोपऱ्यातल्या वेशभूषेच्या बायकांनीही सूर धरला.

"कट! अहो, कॅमेऱ्याकडे पाठ केलीत की तुम्ही! चेहरा कुठाय? चला, पुन्हा घेऊ."

टुनीची हनुवटी धोतराच्या सोग्याने पुसत मृगांक म्हणाला, "पुन्हा कसं घेणार? झालं की उष्टावण."