नेटवर्क नसताना

विमानात सूचना झाली तशी वरदानं आईचा फोन एअरप्लेन मोडवर टाकला. कुमुदिनीबाईंच्या अलीकडच्या आठवणी नेटवर्कवर साठवलेल्या असत आणि फोन त्या त्यांच्या कानामागच्या चिपला पुरवत राही. आता डोक्यात उरलं ते फक्त जुनं. त्यांनी शेजारच्या पिकल्या केसांच्या बाईकडे परक्या नजरेनं पाहिलं.

"तुम्ही नागपूरच्याच का?"

"हो," वरदा म्हणाली. अशा वेळी ओळख पटवायला जाऊ नका, त्या घाबरतील, असं डॉक्टरांनी बजावलं होतं.

"माझी लेक पण तिथंच असते. नवऱ्याला सोडून आलीये."

त्यावरून आईनं वरदाला वर्षानुवर्षं बोल लावले होते.

"बरं केलं तिनं," कुमुदिनीबाई हळूच म्हणाल्या. "मला नाही जमलं ते. पण तिला सांगू नका हं, शेफारेल."

पुण्यात उतरल्यावर वरदानं नेटवर्क सुरू केलं. आईनं डोळे मिचकावले आणि तिच्याकडे पाहिलं.

"रडतेस काय गं? लोक बघताहेत. ओढणी नीट घे."

परतीचं रेल्वेचं तिकीट वरदानं टॅक्सीतच रद्द केलं आणि विमानाचं काढलं.