मोकळं होणं

“मॅडम, त्याचा बायकोवर अजून जीव आहे. मला तरी तसं वाटतं,” ती म्हणाली.

मॅडमनी चष्मा काढून पुसला. मनोविश्लेषण संस्थेतली ती खोली अरुंद होती. दोन खुर्च्या, एक खिडकी. पेशंटला दवाखान्यात भेटायचं आणि दर आठवड्याला इथे येऊन मॅडमना सगळं सांगायचं, अशी शिकण्याची रीत होती. इथे पेशंटचं नाव घ्यायचं नसे. ही तिची शेवटची केस. ती पार पडली की प्रमाणपत्र.

“जीव तुमचा अडकलाय, त्याचा नाही,” मॅडम म्हणाल्या. “तुमचे आईवडील वेगळे झाले. तेव्हापासून तुम्हाला मोडतं घर बघवत नाही.”

हे तिनंच कधीतरी विश्वासानं मॅडमना सांगितलं होतं.

पेशंट पन्नाशीचा, नकाशे काढायच्या कचेरीत कामाला. कोचावर पडायच्या आधी बूट भिंतीशी नीट लावून ठेवायचा. तक्रार एकच: बायको घरात असून नसल्यासारखी. शिकवून दमून येते, जेवताना चकार शब्द बोलत नाही. तरी तासभर तो तिच्याबद्दलच बोलायचा. तिचा खोकला, तिची झोप, तिला न आवडलेला पडदा. सुरुवातीलाच मॅडमनी बजावलं होतं की कुणी पाठवलं, बायको कोण, यातलं काही विचारायचं नाही. माणूस आपणहून सांगेल तेवढंच आपलं. तिनं विचारलं नाही.

घरी सासू चेष्टा करायची, “पडून बोलतात ते, आणि पाठ तुझी दुखते.” पण त्या आठवड्यात तिला हसू आलं नाही.

शेवटी मॅडमनी सांगितलं तसं ती पेशंटला म्हणाली, “तुम्ही प्रेमापोटी थांबलेला नाही. एकटं पडायच्या भीतीनं थांबलाय.”

तो तोंडावर हात धरून रडला.

“रडला?” मॅडमनी विचारलं. “छान. आता तो मोकळा होईल.”

महिन्याभरात तो घर सोडून बहिणीकडे राहायला गेला. दाढी वाढली, शर्टाची बटणं वरखाली लागू लागली. ती हे दर आठवड्याला मॅडमना सांगायची. मॅडम म्हणायच्या, जखम भरताना खाजतेच.

प्रमाणपत्र मिळालं त्या दिवशी मॅडमनी सगळ्यांसमोर तिची पाठ थोपटली. मुलगी घडली, म्हणाल्या. तिलाही भरून आलं.

दुसऱ्या दिवशी तो शेवटचा आला. कोचावर न पडता खुर्चीत बसला. घटस्फोटाच्या कागदांवर सह्या झाल्या, म्हणाला.

“बायको काय म्हणाली?”

“काही नाही. शांत होती. हा तुझाच निर्णय, मला बोल लावू नकोस, एवढंच म्हणाली.” त्यानं खुर्ची थोडी पुढे ओढली. “एक विचारू? तिनं मला तुमच्याकडे पाठवलं, ते संसार सावरावा म्हणूनच ना? मला काही उलगडत नाही. तुम्ही इतकी वर्षं तिच्या हाताखाली शिकलात, तुम्हाला माहीत असेल.”