शुगर कमी आली

"आई, शुगर कमी आली!" मृण्मयी ऑफिसच्या दारातूनच ओरडली.

श्यामलाबाईंनी कढईतला झारा बाजूला ठेवला, दोन्ही हात जोडले आणि डोळे मिटले. "पावलास रे देवा," त्या पुटपुटल्या. मग लेकीकडे वळून म्हणाल्या, "किती? दोनशेच्या आत आली ना?"

मृण्मयी बघतच राहिली. बाबांच्या रक्ताचा रिपोर्ट आज यायचा होता खरा. पण तिच्या हातातला कागद आला होता थेट रोटरडॅमहून. तिथल्या खरेदीदाराने त्यांच्या काळ्या द्राक्षांच्या जॅमची तपासणी करून घेतली होती आणि शुगर कमी आली होती ती जॅमची. नाशकात हा घोळ काही नवा नाही. इथे कुणी 'शुगर किती आली' असं विचारलं, तर शहाणा माणूस आधी विचारतो, द्राक्षबागेची की रक्ताची?

"बाबांची नाही गं, जॅमची! त्रेपन्न आलीय. बुडालो आपण!"

सातपूरच्या त्यांच्या दोन खोल्यांच्या कारखान्यासाठी मृण्मयीने हा डच माणूस चार वर्षं खटपट करून मिळवला होता. तिकडचा हिशोब सरळ होता. गोडी साठ टक्के असेल तर तो जॅम, आणि बरणीला सव्वादोन युरो. साठच्या खाली गेली की त्याला जॅम म्हणायचंच नाही. लेबल वेगळं, दुकानातला कप्पा वेगळा आणि भाव दीड युरो. पुढचा मालही असाच आला तर आपला रामराम, हे त्याने अगदी गोड शब्दांत कळवलं होतं. त्याच्या पत्रात साखर कमी पडली नव्हती!

कारखान्यात गोडी मोजायचं यंत्र होतं, पण ते कपाटात. ते बाहेर काढायची मृण्मयीची कधी हिंमत झाली नव्हती, कारण तो बाबांचा अपमान झाला असता. गंगाधरपंतांची जीभ हेच इथलं यंत्र. घाणा तयार झाला की आई हाक मारायची, "अहो, बघता का जरा?" बाबा यायचे, चमचा घेऊन खिडकीशी जायचे, उजेडात रंग बघायचे, चव घ्यायचे आणि म्हणायचे, "बरोबर आहे." तीस वर्षांत ती जीभ चुकली नव्हती. अर्ध्या टक्क्याचा फरक पकडायची.

"मग बाबांना कळलं कसं नाही?" मृण्मयीने विचारलं.

आईने कढईखालचा गॅस बारीक केला. मग पाठमोरीच म्हणाली, "मीच कमी घातली."

"काय?"

"दिवाळीला त्यांची शुगर तीनशेवर गेली. डॉक्टर म्हणाले, गोडाचा कणही नको. आणि इथे दिवसाला आठ घाणे, म्हणजे आठ चमचे. नका चाखू म्हणायला जीभ रेटेना गं. कारखान्यात त्यांचं तेवढं एकच काम उरलंय. म्हणून दर घाण्याला मूठमूठ साखर कमी करत गेले. म्हटलं, ओरडतील कधीतरी, साखर कुठाय म्हणून. तर छे! रोज आपलं 'बरोबर आहे'." आता मात्र तिने पदर डोळ्यांना लावला. "त्या औषधांनी त्यांची जीभ गेली गं. हे मी त्यांना कुठल्या तोंडाने सांगू?"

मृण्मयीचा राग कुठल्या कुठे गेला. भरून आलं तिला. तिने आईच्या पाठीवर हात ठेवला आणि ती तशीच बाहेर निघाली. उद्यापासून साखर पुरेपूर पडायला हवी होती, नाहीतर परदेशचं गिऱ्हाईक जाणार. आणि साखर पुरेपूर पडली तर बाबांच्या हातातला चमचा काढून घ्यावा लागणार. आईकडून ते होणार नव्हतं.

बाबा अंगणात खुर्ची टाकून पेपर वाचत होते, म्हणजे हाकेची वाट बघत होते.

"बाबा, उद्यापासून चाखायचं काम मी करणार."

त्यांनी पेपर खाली घेतला. "का? मी मेलो की काय?"

मग तिने एका दमात सगळं सांगून टाकलं. रोटरडॅम, त्रेपन्न, आठ चमचे, मूठमूठ साखर. "आणि आईला वाटतंय, तुमची जीभ गेली. आत रडतेय ती."

बाबा हसायलाच लागले. हसता हसता त्यांचे डोळे भरून आले. त्यांनी खिशातून रुमाल काढला. तो जांभळा आणि नुसता चिकट झाला होता.

"जीभ ठणठणीत आहे माझी. दिवाळीपासून तिला सुट्टी दिलीय, एवढंच. खिडकीशी गेलो की चमचा यात पुसतो. म्हणून तर हल्ली रुमाल मी स्वतः धुतो. ती एवढ्या हौसेनं हाक मारते, तिला नाही कसं म्हणायचं? साठ काय, सत्तर होऊ दे. माझ्या पोटात थेंब जात नाही."

मृण्मयीला हसावं की रडावं कळेना. "अहो पण बाबा, माल साता समुद्रापार जात होता! न चाखताच रोज 'बरोबर आहे' कसं म्हणत होतात?"

बाबा तिच्याकडे बघत राहिले, जणू लेकीने काहीतरी खुळ्यासारखं विचारलं होतं.

"तुझ्या आईच्या हातचं आहे ते. त्यात चाखायचं काय?"